तलवारीचा जमाखर्च

आमच्या घराण्यात आजवर कोणी तलवार उचललेली नाही. दसऱ्याला लोक शस्त्रपूजा करतात म्हणून आम्हीही करतो. पाटावर विळी, अडकित्ता, एक गंजकी कात्री आणि माझं फाउंटन पेन मांडून त्यांना हळदकुंकू वाहतो. यांपैकी रक्त पाहिलंय ते फक्त विळीने, आणि तेही माझंच. सौ. माहेरी गेली असताना मी नारळ खवायला बसलो होतो, त्या वेळची गोष्ट.

अशा या शांतताप्रिय घराण्यात परवाच्या एका रविवारी सकाळी ताईचा फोन आला.

"अरे, ह्याने तिकडे तलवार घेतली रे!"

'हा' म्हणजे आमचे भाचेबुवा. म्युनिकला एका कंपनीत कॉम्प्युटरची नोकरी करतात. पाठोपाठ ताईने फोटो पाठवला. अंगात गादी शिवून केल्यासारखं काळं जाकीट, तोंडावर जाळीचा मुखवटा, हातांत खेकड्याच्या नांग्यांसारखे मोजे आणि त्या नांग्यांत धरलेली चांगली चार फूट लांब तलवार. याच मुलाला लहानपणी इंजेक्शन द्यायचं म्हणजे चौघांनी धरावं लागे.

"दारू पितो म्हणाला असता तर समजावता तरी आलं असतं," ताई म्हणाली. "ह्याला काय सांगू? तू बँकेत आहेस, तूच बोल त्याच्याशी."

मी बँकेत कारकून आहे. (हल्ली आमच्या पदाला 'असोसिएट' म्हणतात, पण तेवढ्याने काउंटरपुढची रांग काही कमी झालेली नाही.) बी.कॉम. झाल्यापासून वीसेक वर्षं दुसऱ्यांचे पैसे मोजतो आहे. त्यामुळे नात्यात कुठलाही हिशेब चुकला, की तो जुळवून देणं माझ्याच खात्यावर पडतं. मी फोन लावला.

"मामा, ही युरोपातली मध्ययुगीन युद्धकला आहे," भाचेबुवा उत्साहाने सांगू लागले. "आमचं मंडळ आहे. आठवड्यातून दोनदा जमतो आम्ही."

"आणि शिकवतं कोण?"

"तसं म्हटलं तर पुस्तकं. पाचशे-सहाशे वर्षांपूर्वीची."

मला हसू फुटलं. पुस्तकावरून शरीराला काही शिकवायचा प्रयोग मी एकदा केला आहे. योगासनांचं एक पुस्तक आणून सतरंजीवर बसलो होतो. एका आसनात दोन्ही हात पाठीमागे अडकले आणि आसन सोडवायची कृती पुढच्या पानावर होती! सौ.ने येऊन पान उलटेपर्यंत मी तसाच बसून होतो. तेव्हा पुस्तकावरून तलवार म्हणजे जरा अतीच झालं, असं मी भाचेबुवांना ऐकवलं.

"पण मामा, दुसरा इलाजच नाही," तो म्हणाला. "शिकवणारा कोणी उरलाच नाही ना!"

हे वाक्य माझ्या डोक्यात बसलं. मग त्याने पाठवलेलं एकेक वाचत गेलो. गेले तीन महिने रात्री जेवण झाल्यावर सौ. मालिका बघते आणि मी तलवारी बघतो.

त्याचं असं आहे. आपल्याकडे कोल्हापूरला जा, मर्दानी खेळाच्या तालमी आजही आहेत. वस्तादाने शिकवायचं, पोरांनी शिकायचं, मोठं झाल्यावर त्यांनी पुढच्या पोरांना शिकवायचं. धागा बारीक झाला असेल, पण तो हातातून हातात आलेला आहे. युरोपात मात्र दोन्ही हातांनी धरायच्या लांब तलवारीचा धागा साफ तुटला. बंदुका आल्या, चिलखतं गेली, तलवारीही बदलत बदलत सडपातळ झाल्या. शेवटी त्यांचा खेळ झाला आणि १८९६ साली तो ऑलिम्पिकमध्येही जाऊन बसला. आपल्या इतिहासातल्या 'फिरंग' तलवारींची पाती बहुतेक युरोपातूनच यायची. त्यांची पाती आपल्याकडे चालत होती, त्या काळात तिकडे लांब तलवारीचे जुने हात विसरायला सुरुवात झाली होती.

ते हात परत मिळवायचा पहिला प्रयत्न विलायतेत राणी व्हिक्टोरियाच्या काळात झाला. त्यात दोघे पुढे होते, एजर्टन कॅसल नावाचे लेखक आणि कॅप्टन आल्फ्रेड हटन. हे हटनसाहेब तरुणपणी पलटणीबरोबर हिंदुस्थानात होते आणि १८६२ साली पलटणीतल्या तलवार क्लबसाठी त्यांनी छोटीशी पुस्तिकाही लिहिली होती. १८९१ साली लंडनच्या लायसियम नाट्यगृहात कॅसल यांनी तलवारबाजीवर व्याख्यान दिलं आणि हटन मंडळींनी जुने हात करून दाखवले. पण कॅसलसाहेबांचं एक ठाम मत होतं. मध्ययुगातली मारामारी म्हणजे नुसता धसमुसळेपणा, त्यात शास्त्रबिस्त्र काही नाही. १९१० साली हटन वारले, चार वर्षांनी महायुद्ध पेटलं आणि हा नाद बंद पडला.

तो पुन्हा जोरात सुरू झाला १९९० नंतर. युरोपअमेरिकेतल्या काही वेड्यांनी ग्रंथालयांतली जुनी हस्तलिखितं धुंडाळली, त्यांच्या नकला एकमेकांना पाठवल्या आणि अंगणात, मैदानात काठ्या घेऊन ते करून बघू लागले. आज गावोगाव त्यांची मंडळं आहेत. स्वीडनमधल्या गोथेनबर्ग शहरात २००६ पासून सामने भरू लागले. बायकाही खेळतात. तलवारीला धार नसते, टोक बोथट केलेलं असतं, तरी बोटं मोडतात. म्हणून ते खेकड्याचे मोजे. आणि तलवार काही मणभर वजनाची नसते. दीड किलोच्या आतबाहेर भरते. आमच्या बँकेतली जुनी लेजरं याहून जड होती, आणि ती आम्ही मुखवटा न घालता उचलत होतो.

आता ही पुस्तकं कशी आहेत ते ऐका. सापडलेल्यांपैकी सगळ्यात जुनं पोथीवजा पुस्तक चौदाव्या शतकाच्या सुरुवातीच्या सुमाराचं आहे. त्यात तलवार आणि लहान ढाल, म्हणजे आपल्या फरीगदग्याच्या जातीचा खेळ आहे. शिकवणारा आहे चक्क एक पाद्री! शिष्य मार खातो आणि शिकतो. शेवटच्या पानांवर वालपुर्गिस नावाची एक बाई ढाल-तलवार घेऊन पाद्रीबुवांसमोर उभी राहते. ही कोण, कुठली, काही खुलासा नाही. पोथी जर्मनीत गोथा इथल्या ग्रंथालयात होती. दुसऱ्या महायुद्धाच्या धामधुमीत ती गायब झाली आणि १९५० साली लंडनच्या एका लिलावात उगवली. आता ती इंग्लंडात लीड्सच्या शस्त्रसंग्रहालयात आहे.

दुसरे लिख्टेनाउअर नावाचे जर्मन वस्ताद. यांनी आपली सगळी विद्या कोड्यासारख्या पद्यात बांधून ठेवली, अशासाठी की परक्याच्या हाती लागली तरी त्याला कळू नये. योजना इतकी यशस्वी झाली, की पुढे आपल्या माणसांनाही ती कळेना. मग शिष्यप्रशिष्यांनी तिच्यावर टीका लिहिल्या, आणि आज त्या टीकांवर वाद चालतात. आमच्या आजीच्या पाककृतींची एक वही घरात आहे. तिच्यात 'मीठ चवीपुरते', 'नेहमीसारखे परतावे' आणि 'मग आपले ते करावे' अशा सूचना आहेत. आजीला ठाऊक होतं, आईला ठाऊक होतं, सौ.ला मात्र 'आपले ते' म्हणजे काय हे आजतागायत कळलेलं नाही. लिख्टेनाउअरचं काम याच जातीचं.

त्याचे चार पवित्रे आहेत. एक बैल, एक नांगर, एक खुळा आणि चौथ्याच्या नावावरूनच भांडण आहे. मूळ शब्दाचा अर्थ कोणी 'दिवस' लावतात, कोणी म्हणतात ते 'छप्पर' आहे. तलवार वर धरायची हे दोघांनाही मान्य, पण का वर धरायची यावर पानंच्या पानं खर्ची पडली आहेत. खुळ्याच्या पवित्र्यात तलवारीचं टोक जमिनीकडे सोडून गप उभं राहायचं, म्हणजे समोरच्याला वाटतं, हा काही करणार नाही. हा पवित्रा मला न शिकवता येतो. महिनाअखेरीला घरात मी त्यातच उभा असतो.

इटलीचे वस्ताद फिओरे १४१० च्या सुमाराला आपला ग्रंथ फेराराच्या सरदाराला अर्पण करतात. त्यांनी माणसाच्या चित्राभोवती चार प्राणी काढून चार गुण सांगितले आहेत. दूरदृष्टीचा रानमांजरासारखा लिंक्स, चपळाईचा वाघ, धैर्याचा सिंह आणि भक्कमपणाचा हत्ती, पाठीवर बुरूज घेतलेला. हत्ती गुडघे टेकत नाही, असा त्या काळी तिकडे समज होता. एखाद्या देवळाच्या उत्सवाला आले असते तर समज दूर झाला असता.

आणि टालहोफर! या वस्तादांच्या १४६७ सालच्या पुस्तकात नवरा-बायकोच्या द्वंद्वयुद्धाची चित्रं आहेत. कोर्टकज्ज्याचा निकाल लढून लावायची तेव्हा रीत होती. सामना बरोबरीचा व्हावा म्हणून नवऱ्याला कमरेइतक्या खड्ड्यात उभं करायचं, हातात एक सोटा द्यायचा आणि बायकोला मोकळं सोडून तिच्या हाती कापडात बांधलेला दगड द्यायचा. हे चित्र मी सौ.ला दाखवलं. तिने ते बारकाईने पाहिलं आणि विचारलं, "खड्डा कशाला? नवरा आधीच खड्ड्यात असतो ना!"

ही झाली करमणूक. मी अडकलो तो पुढे. कारण ही पुस्तकं केली कोणी आणि त्यांचे पैसे भरले कोणी, हे मी बघायला लागलो. सवय, दुसरं काय!

स्ट्रासबुर्गला योआखिम मायर नावाचा सुऱ्या बनवणारा कारागीर होता. तलवार शिकवायचा. १५७० साली त्याने कर्ज काढून एक मोठं सचित्र पुस्तक छापलं. पुस्तक उत्तम, खप बेताचा. (मराठी लेखकांना हा भाग समजावून सांगायला नको.) कर्जाची मुदत १५७१ च्या नाताळपर्यंत. बिचाऱ्याने उत्तरेकडे श्वेरिनच्या ड्यूककडे वस्तादाची नोकरी धरली. तिकडे पुस्तकं खपतील ही आशा. जानेवारीत ऐन थंडीत निघाला, १० फेब्रुवारीला पोचला आणि २४ फेब्रुवारीला मेला. बायको मागे राहिली, तिच्या डोक्यावर कर्ज. पुढच्या वर्षी तिने दुसरं लग्न केलं, आणि त्या नवऱ्याकडे बायकोबरोबर पहिल्याचं कर्जही आलं. असा जामीनदार मी माझ्या नोकरीत पाहिलेला नाही. त्या पुस्तकावरून आज हजारो मैलांवर लोक तलवार शिकताहेत.

आणि आता आमच्या धंद्यातला माणूस. पाउलुस हेक्टर मेअर, जन्म १५१७. आउग्सबुर्ग शहराचा हा खजिनदार, १५४१ पासून. म्हणजे मोठा कॅशियरच म्हणा ना! याला वाटे, तलवारीची विद्या लयाला चालली, कोणीतरी ती लिहून ठेवली पाहिजे. त्याने जुनी पुस्तकं विकत घेतली. मग योर्ग ब्रॉय नावाचा चित्रकार ठेवला. नुसती चित्रं काढून भागणार नाही, म्हणून दोन कसलेले तलवारबाज ठेवले. प्रत्येक डाव त्यांनी आधी करून बघायचा, मग चित्रकाराने काढायचा. चार वर्षं हे चाललं. लांब तलवार, खंजीर, भाला, कुस्ती तर आहेच, पण शेतकऱ्याचा विळा आणि धान्य मळायचा सोटा घेऊन कसं लढावं, हेही आहे! प्रत्येकी दोन खंडांच्या अशा तीन प्रती झाल्या. एक जर्मन, एक लॅटिन, एक दोन्ही भाषांत. मूळ प्रत, कार्यालयीन प्रत आणि ग्राहकाची प्रत म्हणतात तशा. लॅटिन प्रत त्याने १५६७ साली बव्हेरियाच्या ड्यूकला ८०० फ्लोरिनला विकली.

शिवाय घरी मेजवान्या, गावच्या बड्या लोकांची ऊठबस. घरचा पैसा संपला. मग शहराची तिजोरी होतीच, किल्ली याच्याचकडे. वर्षानुवर्षं हा त्यातून उचलत राहिला. शेवटी १५७९ साली हाताखालच्या एका नाराज मदतनिसाने नगरसभेकडे तक्रार केली, वह्या तपासल्या गेल्या आणि बासष्ट वर्षांच्या मेअरला चोर म्हणून फासावर लटकवलं. सामानाचा लिलाव करून थोडीफार वसुली केली.

हे वाचून मी पंखा बंद करून बसलो. खरं सांगतो, मला त्या रात्री झोप आली नाही.

एक तारखेला पेन्शनच्या गर्दीत मी एकदा कॅशला होतो. संध्याकाळी पाचशे रुपये कमी आले. तिघांनी मिळून आठ वाजेपर्यंत मोजलं. टेबलाखाली पाहिलं, कचऱ्याची टोपली उपडी केली, शेवटी खिशातून भरले आणि घरी आलो. सौ.ला सांगितलं, पाकीट मारलं. कारण 'पाकीट मारलं' म्हटलं की सहानुभूती मिळते आणि 'कमी आले' म्हटलं की बघणाऱ्याच्या डोळ्यांत एक शंका येते. आठवड्याने एक म्हातारे पेन्शनर काठी टेकत आले आणि म्हणाले, "अहो, तुमची एक नोट जास्त आली होती. दोन चिकटल्या होत्या. पाय दुखत होता म्हणून यायला उशीर झाला." मी नोट घेतली, पण माझ्याच्याने बराच वेळ बोलवेना.

तेव्हा मेअरला फाशी दिली यावर बँकवाला म्हणून माझं काही म्हणणं नाही. (फाशी जरा जास्त झाली. आमच्याकडे आधी सस्पेंड करतात.) आउग्सबुर्ग हे विणकरांचं शहर. कोण्या विणकराने मागावर पाठ मोडून कर भरला असेल, आणि त्याच्या पैशांतून चित्रात कोणा सरदाराचा रंगीत सदरा रंगला असेल. त्या विणकराचं नाव कुठल्याच पानावर नाही. पुस्तकाचा खरा देणगीदार तो, आणि त्याला कोणी विचारलंसुद्धा नव्हतं. हे एका बाजूला.

दुसऱ्या बाजूला, मेअरने पैसे उडवले नसते तर काय झालं असतं? त्याच्या वेळचे हिशेबाचे चोख खजिनदार युरोपात शेकड्यांनी असतील. त्यांच्या वह्या जुळल्या, ते घरी जाऊन झोपले आणि विसरले गेले. मध्ययुगात नुसता धसमुसळेपणा होता, हे कॅसलसाहेबांचं मत आज खोटं ठरलं, ते या चोराच्या, त्या कर्जबाजाऱ्याच्या आणि अशा आणखी लिहिणाऱ्यांच्या पुस्तकांमुळे. नावाजलेले लढवय्ये मेले आणि त्यांच्याबरोबर त्यांचे हातही गेले. मागे उरलं ते कोणीतरी मांडी घालून लिहून ठेवलेलं. जमा कुठे धरायची आणि खर्च कुठे, हे माझ्या बी.कॉम.च्या पुस्तकात नव्हतं.

दिवाळीत भाचेबुवा आले. विमानात तलवार आणू देत नाहीत, त्यामुळे ताईला हायसं वाटलं होतं. मेअरची ती ड्यूकला विकलेली प्रत म्युनिकच्याच ग्रंथालयात आहे, असं त्याने सांगितलं. तिची छायाचित्रं त्याने मला फोनवर दाखवली. दोन माणसं, पट्ट्यापट्ट्यांचे कपडे, एकाची तलवार दुसऱ्याच्या मनगटावर.

"ही सुरुवात आणि हा शेवट," तो म्हणाला. "मधे काय झालं, पाय कुठला टाकला, हे चित्रात दिसत नाही. आम्ही सहा महिने त्यावर भांडतोय."

"एखाद्या म्हाताऱ्याला विचारायचं होतंत," मी सवयीने म्हणालो.

"तेच तर म्हणतोय, मामा. म्हातारा सगळ्या युरोपात शिल्लक नाही."

तेव्हा ताई आतून म्हणाली, "आपले अप्पा नाही का लाठी फिरवायचे?"

मी सुरुवातीला म्हटलं, की आमच्या घराण्यात कोणी तलवार उचलली नाही. ते खरं आहे, पण पूर्ण खरं नाही. आमचे आजोबा, अप्पा, गावच्या तालमीत लाठी खेळलेले होते. सत्तरीतही मे महिन्याच्या सुटीत कधी लहर लागली, की धोतराचा काच्चा मारून अंगणात उतरायचे. लाठीचा असा काही गरगर आवाज यायचा, की कुत्रं ओट्याखाली जाई. आम्हाला म्हणायचे, "या रे, चार हात शिकवतो." आम्ही बॅट घेऊन पळायचो. पुढच्या सुटीत बघू, असं दरवर्षी म्हटलं. मग एका सुटीत अप्पा नव्हते. त्यांच्या हाताचं चित्र कोणी काढलं नाही, टीका कोणी लिहिली नाही. त्यासाठी कोणाला तिजोरीत हात घालावा लागला नसता. सव्वा रुपयाची वही पुरली असती.

"तुला काही आठवतं?" भाचेबुवांनी विचारलं.

मी गच्चीवर गेलो, फरशी पुसायच्या काठीचं फडकं काढलं आणि उभा राहिलो. डोक्याला काही आठवेना. मग डोळे मिटले आणि अप्पांचा उजवा पाय आठवला. तो आधी मागे जायचा. हात पुढे आपोआप गेला. पहिला हात पुरा झाला. दुसऱ्याच्या अर्ध्यावर काठी वाळत घातलेल्या चादरीत अडकली आणि पुढचं काही केल्या आठवलं नाही.

भाचेबुवांनी वही काढली. खडूने गच्चीवर माझ्या पावलांच्या खुणा केल्या, मोजल्या, चित्र काढलं, वर तारीख घातली. "हा पाय आधी, मग खांदा? नक्की?" असं चारदा विचारलं. खालून ताई जेवायला हाका मारत होती.

आता ते पान माझ्याकडे आहे. एकूण आरंभीची शिल्लक, दीड हात. गावाकडे अप्पांबरोबर खेळलेले एक गृहस्थ अजून आहेत म्हणतात, वय नव्वदीच्या घरात. येत्या सुटीत जाऊ, असं मी म्हणणार होतो. पण तसं म्हटलं नाही. शनिवारचं एसटीचं तिकीट काढलं आहे.